जुन्या पीएस टू वर स्वतःचे गेम टाकायचेत? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दिवाळीची सुट्टी लागली की माळ्यावरचे पीएस टू खाली उतरतात आणि त्यांच्यामागोमाग प्रश्नही येतात. त्यातला नेहमीचा म्हणजे "चालू होतो, पण डिस्क वाचत नाही". पीएस टू म्हणजे सोनीचं प्लेस्टेशन २, टीव्हीला जोडून गेम खेळायचा कन्सोल. हे यंत्र जपानमध्ये मार्च २००० मध्ये आलं आणि २०१३ च्या सुरुवातीला त्याचं उत्पादन थांबलं. इतक्या वर्षांत सगळ्यात आधी दमते ती डिस्क वाचणारी लेन्स. बाकीचं यंत्र बहुधा ठणठणीत असतं. त्यामुळे खालचे बहुतेक प्रश्न फिरून एकाच जागी येतात: लेन्सला सुट्टी देऊन तेच गेम दुसऱ्या मार्गाने कसे चालवायचे.

एक सूचना. फाइल, फोल्डर आणि मेनूतली नावं इथे देवनागरीत लिहिली आहेत. प्रत्यक्षात ती इंग्रजी अक्षरांतच टाकायची.

१. होमब्रू म्हणजे नक्की काय? चिप बसवतात तेच का?

नाही. होमब्रू म्हणजे सोनीच्या परवानगीशिवाय हौशी प्रोग्रामरांनी कन्सोलसाठी लिहिलेलं सॉफ्टवेअर. चिप हा वेगळा प्रकार आहे. त्यात कन्सोल उघडून बोर्डावर बारीक तारा डाखाव्या लागतात. एके काळी मुंबईत लॅमिंग्टन रोडला जाऊन चिप बसवून आणणं हाच आपल्याकडचा सर्रास मार्ग होता.

२००८ मध्ये फ्री मॅकबूट आलं आणि स्क्रू-ड्रायव्हरची गरज संपली. पीएस टू चालू होताना मेमरी कार्डवर आपल्या सिस्टिम मेनूचं काही अपडेट आहे का, हे बघतो. ही सोय सोनीनेच ठेवलेली आहे. फ्री मॅकबूट त्या अपडेटच्या जागी जाऊन बसतं आणि कन्सोल त्याला घरचं समजून चालवतो. त्यातून आपण ओपन पीएस टू लोडर, म्हणजे ओपीएल, सुरू करतो. पेनड्राइव्ह, हार्ड डिस्क किंवा नेटवर्कवरून गेम चालवण्याचं काम ओपीएलचं.

२. यात कन्सोल कायमचा बंद पडू शकतो का?

फ्री मॅकबूटमुळे नाही. ते फक्त मेमरी कार्डवर लिहितं. कन्सोलच्या आतल्या रॉमला, म्हणजे त्याच्या मूळ कायम मेमरीला, हात लागत नाही. कार्ड काढलं की कन्सोल दुकानातून आणला तसा. धोका असलाच तर कार्डाला: इन्स्टॉल चालू असताना लाइट गेली तर कार्ड आणि त्यावरचे सेव्ह जाऊ शकतात. पावसाळ्यात आमच्याकडे लाइटचा भरवसा नसतो, म्हणून मी हे काम इन्व्हर्टरवर करतो.

३. हे कायद्यात बसतं का? आणि आयएसओ (अख्ख्या डिस्कची एका फाइलीतली प्रत) कुठून डाउनलोड करू?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मी देत नाही. कितीही वेळा विचारलं तरी नाही.

पहिल्याबद्दल: भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ (१) (एए) आहे. कायदेशीररीत्या हातात असलेल्या कॉम्प्युटर प्रोग्रामची प्रत हरवली, नष्ट झाली किंवा खराब झाली तर संरक्षण म्हणून बॅकअप ठेवायला ते परवानगी देतं. २०१२ च्या दुरुस्तीत कलम ६५ए आलं. हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक कुलूप तोडणं त्यानुसार गुन्हा आहे. मी वकील नाही. पण कपाटात स्वतःची डिस्क असणं आणि कुठल्यातरी साइटवरून दोनशे गेम उतरवणं, यातला फरक कळायला वकील लागत नाही. इथली सगळी उत्तरं पहिल्या प्रकारासाठी आहेत.

४. माझा पीएस टू कोणता हे कसं ओळखू? आणि त्याने काय बिघडतं?

मागच्या किंवा खालच्या बाजूच्या स्टिकरवर एससीपीएच आणि पाच आकडी क्रमांक असतो. ३०००० ते ५०००० च्या घरातले जाडजूड फॅट कन्सोल. त्यांच्या पाठीत हार्ड डिस्कसाठी कप्पा असतो. ७०००० पासून पुढचे स्लिम. त्यांत कप्पा नाही, पण नेटवर्कची वायर लावायची जागा बसवूनच येते. शेवटचे दोन आकडे देश किंवा विभाग सांगतात.

घोळ ९०००० च्या मालिकेत आहे. शेवटी शेवटी सोनीने रॉम बदललं आणि कार्डवरून अपडेट चालवायची वाट बुजवली. स्टिकरवर डेट कोड बघा. ८बी किंवा त्याआधीचा असेल तर फ्री मॅकबूट चालेल. ८सी असेल तर नशीब. ८डी किंवा पुढचा असेल तर चालणार नाही, मग प्रश्न ७ वाचा. सेकंडहँड घेताना विक्रेत्याकडून आधी या स्टिकरचा फोटो मागवा. तो टाळाटाळ करू लागला तर दुसरा विक्रेता बघा.

५. फ्री मॅकबूट टाकायला आधी होमब्रू चालवावं लागतं आणि होमब्रू चालवायला फ्री मॅकबूट. मग सुरुवात करायची कुठून?

आधी कोंबडी की आधी अंडं, तसंच आहे हे. बाहेर पडायच्या तीन वाटा आहेत.

सगळ्यात सोपी म्हणजे मित्राचा आधीच तयार असलेला कन्सोल आणि त्याच्यावर इन्स्टॉलर चालवून बनवलेलं तुमचं कार्ड. दुसरी, फ्री मॅकबूट टाकलेलं कार्ड विकत घेणं. ही कार्डं ऑनलाइन मिळतात, पण आतली आवृत्ती कधीकधी फार जुनी निघते.

तिसरी वाट मला सगळ्यात आवडते: फ्री डीव्हीडी बूट, २०२० मध्ये आलेलं. पीएस टू मधल्या डीव्हीडी प्लेयरमध्ये एक भगदाड आहे. विशिष्ट पद्धतीने बनवलेली डीव्हीडी घातली की प्लेयर गोंधळतो आणि आपला प्रोग्राम चालू होतो. स्लिमसाठी एकच तयार इमेज आहे, पण कन्सोलची भाषा आधी इंग्रजी करून ठेवावी लागते. फॅटमध्ये डीव्हीडी प्लेयरची आवृत्ती जुळावी लागते. मुख्य मेनूत त्रिकोणाचं बटण दाबलं की आवृत्ती दिसते. चांगल्या कंपनीची डीव्हीडी-आर घ्या, कमी वेगात बर्न करा आणि फायनलाइज करायला विसरू नका. लेन्स पूर्ण गेली असेल तर ही वाट बंद. पहिल्या दोहोंपैकी एक धरा.

६. कुठलंही मेमरी कार्ड चालतं का?

कार्डात मॅजिकगेट, म्हणजे सोनीची सुरक्षेची पद्धत, हवं. सोनीच्या मूळ ८ एमबी कार्डात ते असतं. स्वस्तातल्या नकली कार्डांत बऱ्याचदा नसतं. "६४ एमबी, १२८ एमबी" अशा आकड्यांना भुलू नका, ती कार्डं तशीही सेव्ह गिळण्यासाठी प्रसिद्ध आहेत.

इन्स्टॉलर दोन पर्याय देतो. साधा इन्स्टॉल निवडा. "सगळ्या कन्सोलवर चालेल" असा जो दुसरा पर्याय आहे, त्यात एकाच फाइलला अनेक नावांनी जोडलं जातं. कार्डाची फाइल सिस्टिम त्यामुळे मुद्दाम वाकडी केली जाते आणि पुढे कधीतरी ती मोडते.

७. दादा, माझा ९०००० आहे, डेट कोड नवा आहे. पैसे वाया गेले का?

नाही. तुमच्यासाठी ओपनट्यूना आहे. तेही मेमरी कार्डवरच बसतं, फक्त आपोआप सुरू होत नाही. कन्सोल चालू करायचा, त्याच्याच मेनूतल्या ब्राउझरमध्ये (इंटरनेटचा नव्हे) जाऊन मेमरी कार्ड उघडायचं. सेव्हचे आयकॉन लोड होताना ते जागं होतं. प्रत्येक वेळी ही चार पावलं जास्त, एवढाच तोटा. कार्डवर ते टाकायला प्रश्न ५ मधल्याच वाटा.

८. गेम कशावर ठेवू? पेनड्राइव्ह सगळ्यात सोपा ना?

सोपा आहे, आणि म्हणूनच सगळ्यात जास्त तक्रारी त्याच्याच असतात.

हिशोब करून बघा. पीएस टू चं यूएसबी १.१ आहे. म्हणजे कागदावर सेकंदाला १२ मेगाबिट. बाइटमध्ये दीड एमबी, आणि प्रत्यक्षात हाती पडतो तो साधारण एक एमबी. कन्सोलचा स्वतःचा डीव्हीडी ड्राइव्ह ४एक्स वेगाचा आहे, म्हणजे सेकंदाला पाच एमबीच्या वर. गेम बनवणाऱ्यांनी सगळी आखणी त्या पाच एमबीवर केलेली. तुम्ही त्याला एक एमबी देता आणि मग मधले व्हिडिओ रडतखडत चालतात, गाण्याचे शब्द ओठांच्या मागे पडतात. महागडा यूएसबी ३ चा पेनड्राइव्ह आणून काही होत नाही. नळ बारीक असला की टाकी कितीही मोठी आणा.

माझी पसंती अशी. फॅट असेल तर डोळे मिटून हार्ड डिस्क (प्रश्न १४). स्लिम असेल तर नेटवर्क (प्रश्न १३). नेटवर्कची कटकट नको असेल तर एमएक्सफोरएसआयओ: मेमरी कार्डच्या दुसऱ्या खाचेत बसणारा, मायक्रो एसडी कार्ड घेणारा छोटा अडॅप्टर. यूएसबीपेक्षा बरा चालतो आणि कोपऱ्यात दडून राहतो. त्याला ओपीएलची १.२.० च्या घरातली आवृत्ती लागते. खाच मात्र अडते. दुसऱ्या खेळाडूचं कार्ड विसरा.

पेनड्राइव्ह अगदीच टाकाऊ नाही. ज्या गेममध्ये व्हिडिओ कमी आहेत ते मजेत चालतात. सुरुवात त्याच्यावर करा, जीव रमला की पुढचा खर्च.

९. माझ्या डिस्कची आयएसओ कशी बनवू?

पीएस टू चा गेम कॉम्प्युटरच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचता येतो. विंडोजवर इमेजबर्नसारख्या प्रोग्रामने डिस्कवरून इमेज फाइल करा. आयएसओ तयार.

अपवाद निळ्या पाठीच्या डिस्कचा. त्या सीडी असतात, डीव्हीडी नव्हे. त्यांची इमेज बिन आणि क्यू अशा दोन फाइलींत निघते आणि ओपीएलला ती आयएसओमध्ये बदलून द्यावी लागते. अशी फाइल "सीडी" फोल्डरमध्ये जाते, "डीव्हीडी" मध्ये नाही.

१०. फाइल कॉपी केली, पण ओपीएलमध्ये यादी रिकामीच. काय चुकलं?

बहुतेक वेळा या तिघांपैकी एक. आयएसओ ड्राइव्हच्या मुळातच टाकली, "डीव्हीडी" किंवा "सीडी" फोल्डरमध्ये नाही. किंवा ड्राइव्ह एनटीएफएसमध्ये फॉरमॅट केलेला आहे. फॅट३२ हवा, किंवा नव्या ओपीएलला एक्सफॅट चालतो. किंवा ओपीएलच्या सेटिंगमध्ये ते उपकरण बंदच आहे. ते ऑटोवर करा आणि बदल सेव्ह करा. सेव्ह करायला विसरणारे फार.

नावाचाही प्रश्न येतो. जुन्या ओपीएलला फाइलच्या नावाआधी गेमचा क्रमांक लागतो. अमेरिकन गेमचा क्रमांक एसएलयूएस ने आणि युरोपियन गेमचा एसएलईएस ने सुरू होतो. तो डिस्कवरच्या सिस्टिम डॉट सीएनएफ फाइलीत असतो. नवी आवृत्ती तो स्वतःच शोधून काढते.

११. गॉड ऑफ वॉर टू पेनड्राइव्हवर कॉपीच होत नाही. "फाइल खूप मोठी" असं येतं.

तो गेम दोन थरांच्या डीव्हीडीवर आहे आणि फॅट३२ मध्ये एक फाइल ४ जीबीच्या पुढे जात नाही. दोन उपाय. नवं ओपीएल घ्या आणि ड्राइव्ह एक्सफॅट करा. किंवा कॉम्प्युटरवर यूएसबीयूटिल हा प्रोग्राम वापरून गेमचे एकेक जीबीचे तुकडे करा. तुकडे केलेल्या गेमची यादी यूएल डॉट सीएफजी नावाच्या फाइलीत राहते. ती पुसली की तुकडे असूनही गेम दिसत नाही. मी पहिला उपाय घेईन.

१२. गेम निवडला की काळी किंवा पांढरी स्क्रीन, पुढे काहीच नाही.

आधी फाइल तपासा, मोड नंतर. पेनड्राइव्हवर पुसणं-टाकणं अनेकदा केलं असेल तर आयएसओचे तुकडे विखुरतात आणि ओपीएलला ती सलग हवी असते. ड्राइव्ह पूर्ण फॉरमॅट करून गेम एकेक करून कॉपी करा. दहा-बारा फाइली एकदम ओढून टाकू नका. निम्म्या तक्रारी इथेच मिटतात.

तरीही चालला नाही तर त्या गेमच्या सेटिंगमधले कंपॅटिबिलिटी मोड. पहिला वाचन अचूक वेगात करतो, दुसरा सिंक्रोनस वाचन करतो, तिसरा ओपीएलने अडवलेले सिस्टिम कॉल सोडून देतो, चौथा व्हिडिओ गाळतो, पाचवा दोन थरांच्या डीव्हीडीची नक्कल करतो, सहावा गेममधून बाहेर पडायचा शॉर्टकट बंद करतो. सगळे एकदम लावू नका. एक लावा, बघा, काढा, दुसरा लावा. आणि ७५००० पासूनच्या स्लिममध्ये सोनीने आतला एक प्रोसेसरच बदलला होता. त्यामुळे फॅटवर सुरळीत चालणारा एखादा गेम स्लिमवर अडला तर दोष तुमचा नाही.

१३. नेटवर्कवरून चालवायचंय, पण विंडोज कनेक्टच होऊ देत नाही.

ओपीएल फाइल शेअरिंगची फार जुनी पद्धत वापरतं: एसएमबीची पहिली आवृत्ती. २०१७ च्या मे महिन्यात वॉनाक्राय व्हायरसने जगभर जो धुमाकूळ घातला, तो याच आवृत्तीतल्या भोकातून. त्याच वर्षी मायक्रोसॉफ्टने विंडोज १० मध्ये ती बंद ठेवायला सुरुवात केली. ती परत चालू करता येते, अनेक व्हिडिओत दाखवतातही. ज्या कॉम्प्युटरवर तुम्ही बँकेचं काम करता त्यावर हे करू नका, एवढंच माझं म्हणणं.

त्याऐवजी जुना लॅपटॉप किंवा रास्पबेरी पाय घ्या, त्यावर लिनक्स आणि सांबा (फाइल शेअर करणारं सॉफ्टवेअर) टाका, आणि वायर थेट कन्सोलला जोडा. मधे राउटर नाही, इंटरनेट नाही. दोन्हीकडे आयपी पत्ता हाताने भरा. पीएस टू चं नेटवर्क १०० मेगाबिटचं आहे, त्यामुळे व्हिडिओचं अडखळणं बहुतेक गेममध्ये थांबतं.

१४. फॅटमध्ये हार्ड डिस्क टाकली. कॉम्प्युटरला जोडली की विंडोज "इनिशियलाइज करू का" विचारतं. हो म्हणू?

नाही! हेच एक उत्तर ठळक अक्षरात भिंतीवर लावावं असं आहे. पीएस टू ची डिस्क एपीए नावाच्या वेगळ्याच फॉरमॅटमध्ये असते आणि विंडोजला ती कोरी वाटते. "हो" म्हटलं की तो तिथे स्वतःचा तक्ता लिहितो आणि तुमचे सगळे गेम जातात. माझे ३४ गेम असेच गेले, एका झोपाळू रविवारी.

डिस्क कन्सोलवरच फॉरमॅट करा आणि कॉम्प्युटरवरून गेम टाकायला एचडीएल बॅच इन्स्टॉलरसारखं खास सॉफ्टवेअर वापरा. डिस्क जोडायला नेटवर्क अडॅप्टर लागतो. सोनीचा मूळ अडॅप्टर जुन्या आयडीई डिस्कसाठी आहे. नव्या साटा डिस्कसाठी नकली अडॅप्टर मिळतात, पण त्यातल्या स्वस्तातल्यांना नेटवर्कची वायर लावायची जागा नसते. ओपीएल २ टीबीपर्यंतची डिस्क ओळखतं. फ्री एचडीबूट, म्हणजे फ्री मॅकबूटचाच हार्ड डिस्कवरचा प्रकार, टाकलं तर मेमरी कार्डाशिवायही कन्सोल थेट डिस्कवरून सुरू होतो.

१५. सेव्ह कुठे जातात?

नेहमीसारखे मेमरी कार्डवर. कार्ड भरलं असेल तर ओपीएलमध्ये त्या गेमसाठी व्हीएमसी, म्हणजे आभासी कार्ड, बनवता येतं. हार्ड डिस्कवर ते छान चालतं. यूएसबीवर सेव्ह करताना अडकण्याची शक्यता जास्त, म्हणून तिथे मी खरं कार्डच वापरतो. जुने सेव्ह एका कार्डावरून दुसऱ्यावर किंवा पेनड्राइव्हवर न्यायला यूलॉंचईएलएफ हा फाइली हाताळायचा होमब्रू प्रोग्राम पुरेसा आहे.

१६. अमेरिकन गेम टाकला तर जुन्या टीव्हीवर ब्लॅक अँड व्हाइट दिसतो.

आपले टीव्ही पॅल पद्धतीचे, अमेरिकन आणि जपानी गेम एनटीएससी. फक्त पॅल समजणाऱ्या जुन्या टीव्हीला एनटीएससीचे रंग उलगडत नाहीत. गेम किंवा कन्सोल बिघडलेला नाही. नव्या टीव्हीवर दोन्ही चालतात. तिथे तक्रार असते चित्र धुरकट असल्याची. मग कॉम्पोनंट केबल आणा, लाल-निळी-हिरवी असलेली. जमल्यास ओपीएलमधल्या जीएसएम या चित्राचा मोड बदलणाऱ्या सोयीने ४८०पी लावून बघा. तो सगळ्या गेमना मानवत नाही.

१७. पीएस वन चे गेम ओपीएलवर चालतील का?

नाही. त्यासाठी पॉपस्टार्टर वेगळं आहे. त्याला सोनीच्या स्वतःच्या एम्युलेटरच्या फाइली लागतात, आणि त्या मी कुणाला पाठवत नाही (कारण प्रश्न ३). तुमची लेन्स जिवंत असेल तर पीएस वन ची डिस्क सरळ आत घाला. पीएस टू ती मुळातच चालवतो.

१८. काकांनी न्यू जर्सीहून त्यांचा जुना फॅट पाठवलाय, सोबत फ्री मॅकबूटचं कार्ड. लावू का?

प्लग लावायच्या आधी स्टिकर वाचा. अमेरिकन फॅट १२० व्होल्टचा असतो. आपल्या २३० व्होल्टमध्ये सरळ लावला तर वास येईल आणि मग काहीच येणार नाही. व्होल्टेज उतरवणारा ट्रान्सफॉर्मर लागेल, आणि नुसता पिन बदलणारा अडॅप्टर म्हणजे ट्रान्सफॉर्मर नव्हे. स्लिम असेल तर त्याच्या अडॅप्टरवरचं इनपुट वाचा.

कार्ड त्याच कन्सोलमध्ये चालेल. ते काढून तुमच्या इथल्या पॅल कन्सोलमध्ये घातलं तर बहुधा चालणार नाही, कारण साधा इन्स्टॉल त्या-त्या विभागापुरता असतो. गेमना मात्र ही अट नाही. ओपीएल कुठल्याही विभागाचा गेम कुठल्याही कन्सोलवर चालवतं.

१९. माझ्याकडे "हनुमान: बॉय वॉरियर" आणि "देसी अड्डा" च्या डिस्क आहेत, पण ओरखडे पडलेत. इमेज मधेच थांबते.

या डिस्कसाठी जरा जास्त कष्ट घ्या. हनुमान २००९ चा, हैदराबादमध्ये बनलेला. देसी अड्डामध्ये आपली कबड्डी आणि विटीदांडू. जगभर लाखोंनी खपलेल्या गेमची डिस्क कुठेही मिळेल, यांची मिळणार नाही.

डिस्क मऊ सुती कापडाने मधून कडेकडे सरळ रेषेत पुसा, गोल गोल नको. वाचनाचा वेग सगळ्यात कमी ठेवा. तरी अडली तर दुसऱ्या कंपनीचा ड्राइव्ह बघा. एकाला न वाचता आलेली डिस्क दुसरा अनेकदा वाचतो, आणि लॅपटॉपपेक्षा डेस्कटॉपचे जुने ड्राइव्ह जास्त चिवट असतात. लिनक्स येत असेल तर डीडीरेस्क्यू वापरा. ते वाचलेला भाग जपून ठेवतं आणि राहिलेल्या सेक्टरवर पुन्हा पुन्हा प्रयत्न करतं. अर्धवट फाइल ठेवून त्याच डिस्कवर दुसऱ्या ड्राइव्हने उरलेलं काम पुढे चालू करता येतं. चुकलेले सेक्टर "दुर्लक्ष करा" म्हणून शून्यांनी भरू नका. असा गेम सुरू होतो, चांगला चालतो आणि नेमका चौथ्या लेव्हलला अडकतो. मग तुम्ही मला प्रश्न १२ विचारता.